करवीरचीं चार वार्धक्यें

'साठी बुद्धि नाठी' ही म्हण ज्या कोणीं प्रथम उच्चारिली तो स्वतः साठीच्या अलीकडचा असला पाहिजे. साठीच्या पलीकडे गेलेल्या गृहस्थास विचाराल तर तो सांगेल कीं, बुद्धि जागच्या जागीं आहे. नाठी झाली आहे ती ऐकणाऱ्यांची धीर धरण्याची शक्ति. दोन्ही पक्ष सारखेच हट्टाचे असल्यामुळें हा वाद घरच्या ओटीवर सुटण्यासारखा नाहीं. इतिहासाच्या दप्तरांत मात्र दोन्ही बाजूंचे कागद सांपडतात, आणि ते शांतपणें वाचण्यास कोणाची हरकत नसते.

आमच्या शास्त्रकारांनीं या प्रकरणाचा निकाल पूर्वींच लावून ठेविला आहे. केस पांढरे झाले, कातडीस सुरकुत्या पडल्या आणि नातवाचें तोंड दिसलें, कीं गृहस्थानें वनाची वाट धरावी, असें मनूचें सांगणें. सुरकुत्यांचें व पांढऱ्या केसांचें ठीक आहे; परंतु नातवाचें तोंड दिसल्यावर त्याच्याकडे पाठ फिरवून अरण्यांत जाण्याची बुद्धि कोणाला होईल, याचा विचार शास्त्रकारांनीं केलेला दिसत नाहीं. म्हणूनच कीं काय, वनांत जाणारे थोडे, आणि घरांतच बसून 'आतां माझें काय राहिलें आहे' असें दिवसांतून चार वेळां म्हणणारे फार. खरा प्रश्न वनाचा नाहींच. हातांत असलेल्या गोष्टींपैकीं कोणती धरावी, कोणती सोडावी, आणि सोडावयाची ती कोणाच्या ओंजळींत, हा तो प्रश्न आहे. करवीरच्या गेल्या तीनशें वर्षांच्या इतिहासांत या प्रश्नाचीं चार उत्तरें ठळकपणें दिसतात. एक अमात्याचें, एक राणीचें, एक गवयाचें आणि एक कादंबरीकाराचें. तीं पाठोपाठ वाचलीं असतां म्हातारपणाविषयींचे आपले पुष्कळसे ठरीव समज डळमळूं लागतात.

पहिलें वार्धक्य रामचंद्रपंत अमात्यांचें. पंतांचा जन्म सुमारें १६५० चा. १६७४ सालीं रायगडावर राज्याभिषेक झाला तेव्हां अष्टप्रधानांत सर्वांत तरुण प्रधान तेच होते. १६८९ सालीं राजाराम महाराजांस जिंजीकडे जावें लागलें, तेव्हां मागें महाराष्ट्राचा सर्व कारभार त्यांनीं पंतांच्या हवालीं केला व 'हुकुमतपनाह' हा किताब दिला. राजा दूर, खजिना रिकामा आणि औरंगजेब दाराशीं, अशा स्थितींत या गृहस्थानें राज्य जिवंत ठेविलें. पांच छत्रपतींच्या कारकीर्दी त्यांनीं डोळ्यांनीं पाहिल्या. १७१४ सालीं पन्हाळ्यावर सत्तापालट झाला, ताराबाईंचा मुलगा शिवाजी पदच्युत होऊन सवतीचा मुलगा संभाजी गादीवर आला, त्या वेळीं पंत साठी ओलांडून गेले होते. नवा राजा सोळा-सतरा वर्षांचा. अशा वेळीं म्हाताऱ्या प्रधानापुढें दोन सोपे मार्ग असतात: मुलास बाजूस बसवून कारभार स्वतः हांकावा, किंवा रुसून जहागिरीवर जाऊन बसावें. पंतांनीं तिसरा मार्ग धरिला. जें आपणांस ठाऊक होतें तें त्यांनीं लिहून काढविलें.

तेंच १७१५ चें 'आज्ञापत्र'. ग्रंथ राजाच्या नांवानें निघाला, अनुभव मात्र प्रधानाचा. त्यांत आरंभीं शिवछत्रपतींपासूनचा राज्याचा वृत्तांत आहे. पुढें राजानें कसें वागावें, प्रधान कसे निवडावे, सावकारांस कसें संभाळावें, वतनदारांशीं कसें वागावें, दुर्ग कसे बांधावे व राखावे, आरमार कसें उभारावें, याचा विचार आहे. टोपीकर वरवर सावकार दिसले तरी त्यांच्या पाठीमागें राजे आहेत, त्यांस समुद्रकांठीं पक्की जागा देऊं नये, हा त्यांतला इशारा पुढच्या शंभर वर्षांत किती खरा ठरला हें सांगावयास नको. वतनदारांविषयीं लिहितांना पंतांच्या लेखणीस जी धार येते ती मुद्दाम पाहण्यासारखी आहे. हे लोक म्हणजे राज्याचे लहानसे भागीदारच. आहे त्यावर समाधान मानणें त्यांच्या स्वभावांत नाहीं. पण त्यांना दुखवूनही चालत नाहीं आणि मोकळे सोडूनही चालत नाहीं. चाळीस वर्षें अशा मंडळींच्या अर्ज्या वाचलेल्या माणसाचें हें हंसूं आहे. त्यांत राग आहे, पण कडवटपणा नाहीं. माणसें कशीं आहेत हें पुरतें कळल्यावरही त्यांच्याकडून काम करून घेतां येतें, एवढा त्याचा अर्थ.

तथापि या ग्रंथांतील आम्हांस सर्वांत मोलाचा वाटणारा भाग राज्यशास्त्राच्या मोठ्या प्रकरणांत शोधूं नये. आरमारासाठीं लांकूड कसें मिळवावें, हें सांगतांना तो सहज येऊन गेला आहे. आंबे, फणस हींही आरमारास उपयोगी झाडें खरीं. परंतु रयतेच्या या झाडांस हात लावूं देऊं नये, असें पंत बजावतात. कारण अशीं झाडें वर्षा-दोन वर्षांत वाढत नाहींत. लोकांनीं तीं लावून पोटच्या पोरांप्रमाणें पुष्कळ काळ जतन केलेलीं असतात. तीं तोडलीं तर त्यांच्या दुःखास पार राहत नाहीं. इतकेंच नव्हे, तर एखादें झाड अगदीं जीर्ण होऊन कामांतून गेलेलें असलें, तरीही तें धन्यास राजी करून, त्याचा मोबदला देऊन, त्याच्या संतोषानें तोडावें; बळजोरी मुळींच करूं नये. हा मजकूर लिहिला गेला तेव्हां पंतांच्या आयुष्याचें जेमतेम एक वर्ष उरलें होतें. जीर्ण झाडालाही सन्मानानें विचारल्याखेरीज कुऱ्हाड लावूं नये, हें वाक्य सांगतांना त्या वृद्धास आपली स्वतःची आठवण झाली नसेल काय? कागद त्याविषयीं मुका आहे. १७१६ सालीं पंत वारले. पन्हाळ्यावर त्यांची समाधि आहे. ज्या आंब्याचीं फळें आपणांस खावयास मिळणार नाहींत त्याची काळजी वाहणें, हेंच त्यांच्या वार्धक्याचें उत्तर होतें.

दुसरें वार्धक्य ज्या बाईचें, तिला हेंच उत्तर देण्याची सोय नव्हती. पन्हाळ्यावरच्या ज्या सत्तापालटानंतर पंतांनीं आज्ञापत्र सिद्ध केलें, त्याच सत्तापालटानें ताराबाईंस कैदेंत टाकिलें. कोल्हापुरांत येणाऱ्यास कावळा नाक्यावर ताराराणीचा अश्वारूढ पुतळा दिसतो. पंचविसाव्या वर्षीं विधवा झालेली, आणि त्यानंतर सात वर्षें औरंगजेबास दख्खनच्या मातींत झुंजवीत ठेवणारी ती तरुण राणी आहे. परंतु ताराबाई सहाऐंशी वर्षें जगल्या. म्हणजे ज्या सात वर्षांचा पुतळा झाला, त्यांच्या पुढें चौपन्न वर्षें उरतात; आणि त्या वर्षांचा पुतळा कोठेंच नाहीं.

त्या वर्षांचा हिशेब असा आहे. १७१४ सालीं कैद. मुलगा कैदेंतच वारला. पुढें १७३० च्या सुमारास शाहू व कोल्हापूरकर संभाजी यांच्या युद्धांत बाई शाहूच्या हातीं आल्या. त्यांस परत पाठविण्याची गोष्ट निघाली, तेव्हां 'कैदच भोगावयाची तर येथें काय आणि तेथें काय' अशा अर्थाचें उत्तर त्यांनीं दिलें, असें सांगतात. पंधरा-सोळा वर्षांच्या बंदिवासानंतर अशी कोरडी थट्टा सुचणें, हें लहान माणसाचें काम नव्हे. त्या साताऱ्यास राहिल्या. १७४९ च्या डिसेंबरांत शाहू वारला. तत्पूर्वीं, आपला एक नातू लपवून वाढविला आहे असें बाईंनीं पुढें आणिलें होतें; तोच रामराजा म्हणून गादीवर बसला. पण नातू आजीच्या सल्ल्यानें चालेना, पेशव्यांच्या सल्ल्यानें चालूं लागला. तेव्हां १७५० च्या नोव्हेंबरांत पंचाहत्तर वर्षांच्या या आजीनें नातवास साताऱ्याच्या किल्ल्यांत अडकवून टाकिलें, आणि हा आपला नातूच नव्हे, असें जाहीर केलें. १७५२ सालीं जेजुरीस खंडोबापुढें तिनें तशी शपथही घेतली. नात्यांचा इतका सोयीस्कर हिशेब करणारी आजी आमच्या इतिहासांत दुसरी नसेल. नातू सांपडतो तेव्हां राज्य मिळतें, आणि राज्य निसटूं लागलें म्हणजे नातू हरवतो! पेशव्यांस अखेर तिच्याशीं समेट करावा लागला. पानिपत झालें, त्याच वर्षीं चाळिशींतला नानासाहेब पेशवा खचून वारला, आणि त्यानंतर, १७६१ च्या डिसेंबरांत, ताराबाईंनीं डोळे मिटले.

या वार्धक्याचा निषेध करणें अगदीं सोपें आहे, आणि इतिहासकारांनीं तो भरपूर केला आहे. म्हातारीची हांव, म्हातारीचें कारस्थान, हे शब्द लेखणींतून आपोआप उतरतात. राज्याचें नुकसान झालें हेंही खोटें नव्हे. एका तरुणाचें तारुण्य तिनें नजरकैदेंत घालविलें, ही गोष्ट क्षमा करण्यासारखी नाहीं. तथापि एक प्रश्न विचारल्यावांचून पुढें जाववत नाहीं. 'सोड' असें आपण वृद्धांस सांगतों, तेव्हां त्यांच्या हातांत कधीं कांहीं दिलें होतें काय, हें आपण पाहतों काय? रामचंद्रपंतांनीं चाळीस वर्षें अधिकार भोगिला. त्यांस तो मनापासून सोडतां आला. ताराबाईंनीं सात वर्षें तो पराक्रमानें चालविला, आणि पस्तीस वर्षें दुसऱ्यांच्या पहाऱ्यांत काढलीं. त्यांचें म्हातारपण हीच त्यांची पहिली मोकळीक होती. ज्याला भरल्या पानावरून उठावयाचें असतें त्याला उठणें शोभतें; ज्याच्या पानावर कोणीं वाढलेंच नाहीं त्याला 'आतां पुरे' म्हणून उठविणारा यजमान कसला? घरोघरच्या ज्या म्हाताऱ्या बायका किल्ल्यांचा जुडगा कंबरेचा काढीत नाहींत, आणि ज्यांची आपण मागें थट्टा करितों, त्यांच्याविषयीं ताराबाईंची हकीकत वाचून आपलें मत थोडें नरम व्हावें, असें आम्हांस वाटतें. किल्ल्या त्यांच्या कंबरेस किती उशिरां आल्या हें कोणीं मोजलेलें असतें?

तिसऱ्या वार्धक्याकडे वळतांना मध्यें एक नांव घेणें भाग आहे. ज्या पुरुषानें अर्वाचीन कोल्हापूर घडविलें, त्या शाहू महाराजांस वार्धक्य लाभलेंच नाहीं. १८७४ सालीं जन्मलेले महाराज १९२२ च्या मे महिन्यांत वारले. पन्नाशीही त्यांनीं पाहिली नाहीं. म्हातारपणाविषयीं कुरकुर करणाऱ्यानें एवढें ध्यानांत ठेवावें कीं, ही तक्रार करण्याची संधि पुष्कळ मोठ्या माणसांस मिळालेली नाहीं. या महाराजांनीं १८९५ च्या सुमारास राजस्थानांतून आलेला एक चाळिशीचा गवई आपल्या पदरीं ठेविला. तेच अल्लादियाखां.

खांसाहेबांचा जन्म १८५५ चा. ऐन उमेदींत, कोल्हापुरास येण्यापूर्वींच, त्यांचा आवाज बसला आणि दीर्घ काळ गाणें बंद पडलें. गवयाचा आवाज जाणें म्हणजे तरुणपणींच म्हातारपण येणें होय. आवाज परतला तो पूर्वीचा नव्हता. तेव्हां त्या आवाजास जें साधेल तें, आणि बुद्धीस जें सुचेल तें, यांची सांगड घालून खांसाहेबांनीं आपली गायकी नव्यानें रचिली: लयीशीं घट्ट विणलेली, वळणावळणानें जाणारी, अनवट राग हाताळणारी. आज जयपूर-अत्रौली म्हणून जी गायकी ओळखली जाते ती हीच. ज्या उणिवेनें दुसरा रडत बसला असता तिचें त्यांनीं घराणें केलें. चाळिशीच्या आंत म्हातारपणाची तालीम होऊन गेलेली असल्यामुळें, खरें म्हातारपण आलें तेव्हां तें त्यांस परकें वाटलें नसावें.

१९२२ सालीं आश्रयदाता गेला तेव्हां खांसाहेब सदुसष्ट वर्षांचे होते. त्या वयांत त्यांनीं कोल्हापूर सोडून मुंबईस बिऱ्हाड केलें. आणि त्यांच्या आयुष्यांतलें शिकविण्याचें फार मोठें काम यानंतरचें आहे. गोव्याकडच्या केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर यांनीं त्यांच्याकडून जी विद्या घेतली ती या उतारवयांतली. १९३७ सालीं त्यांच्या डोळ्यांदेखत त्यांचा कर्तबगार मुलगा मंजीखां वारला. ब्याऐंशीव्या वर्षीं मुलाचें मरण पाहणें, यापुढें आवाज जाण्याचें दुःख तें काय? परंतु विद्येची वाट तेवढ्यानें बंद झाली नाहीं. मंजीखांचे शागीर्द मल्लिकार्जुन मन्सूर पुढें धाकट्या भूर्जीखांकडे शिकले, आणि ते स्वतः वृद्ध होईपर्यंत ती गायकी मैफलींतून गात राहिले. अखेरच्या वर्षांत खांसाहेबांनीं आपली जीवनकथा नातू अझीझुद्दीनखां यांस सांगून लिहवून ठेविली. एका आजीनें नातू नाकारून राज्य राखूं पाहिलें. एका आजोबांनीं नातवास समोर बसवून आपलें सगळें आयुष्य त्याच्या स्वाधीन केलें. १९४६ च्या मार्चांत, नव्वदी ओलांडून, ते वारले.

त्यांनीं दिलेलें दान कोठवर गेलें याची एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. १९७७ सालीं अमेरिकेनें व्हॉयेजर नांवाचीं दोन यानें अंतराळांत सोडलीं. पृथ्वीवर काय काय होतें हें दूरच्या कोणास कळावें, म्हणून त्यांवर एक सोनेरी तबकडी बसविली, आणि तींत निवडक संगीत घातलें. हिंदुस्थानचें म्हणून जें एकच गाणें तींत आहे तें केसरबाईंची भैरवी. केसरबाई त्याच वर्षीं वारल्या. यानें अजून पुढें जात आहेत. सदुसष्टाव्या वर्षीं मुंबईंत नवें बिऱ्हाड थाटणाऱ्या म्हाताऱ्यास कोणीं शहाण्यानें त्या वेळीं खचित म्हटलें असेल, 'आतां या वयांत हा खटाटोप कशाला?'

चौथें वार्धक्य विष्णु सखाराम खांडेकर यांचें. १८९८ सालीं सांगलीस जन्मलेले भाऊसाहेब अठरा वर्षें शिरोड्यास शाळामास्तर होते. १९३८ सालीं ते कोल्हापुरास आले आणि पुढें येथलेच झाले. चित्रपटासाठीं कथा लिहाव्या म्हणून ते आले खरे; पण त्यांच्या हातून येथें जी मोठी कृति झाली ती १९५९ सालीं, म्हणजे त्यांच्या एकसष्टाव्या वर्षीं. तिचें नांव 'ययाति'. ज्या वयांत शास्त्राप्रमाणें वनांत जावयाचें त्या वयांत त्यांनीं, ज्याला म्हातारपण मुळींच नको होतें, अशा राजाची कथा लिहावयास घेतली, हा योगायोग खास नव्हे. महाभारतांतला ययाति शापानें अकालीं म्हातारा होतो, मुलांपुढें पदर पसरतो, आणि धाकट्या पुरूचें तारुण्य उसनें घेतो. भोगून भोगून अखेरीस त्याला कळतें तें एवढेंच, कीं भोगानें भूक भागत नाहीं. बाप आपलें तारुण्य मुलास देतो हा जगाचा नियम. येथें मुलानें बापास दिलें. कथेचा सारा भयंकरपणा या उलट्या देण्यांत आहे. ताराबाईंनीं रामराजाचें तारुण्य कैदेंत ठेविलें तें याच जातीचें घेणें नव्हतें काय? आणि जी पिढी पुढच्यांच्या वांट्याची झाडें, पाणी व जमीन आपल्याच हयातींत संपवूं पाहते, ती पुरूपुढें हात पसरलेला ययातिच नव्हे काय?

खांडेकरांची दृष्टि पहिल्यापासूनच अधू होती. अखेरच्या वर्षांत ती पुरती गेली. तेव्हां दुसऱ्याच्या हातानें लिहवून त्यांनीं आपलें काम चालू ठेविलें. 'ययाति'स साहित्य अकादमीचें पारितोषिक मिळालें, आणि १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार लाभून मराठीस तो मान प्रथमच आला. १९७६ सालीं ते वारले. ज्या मनुष्यानें उसन्या तारुण्याची कथा लिहिली त्यानें स्वतः उसने घेतले ते फक्त डोळे आणि हात. आणि ते घेतांना ज्याचे घेतले त्याच्या पदरांत मजकूर टाकिला.

चार वार्धक्यें अशीं समोर ठेविलीं म्हणजे 'म्हातारपणीं शांत असावें' हा गुळगुळीत उपदेश पुरेसा वाटत नाहीं. या चौघांपैकीं शांत बसलें असें कोणीच नाहीं. पंत लिहीत होते, बाई लढत होत्या, खांसाहेब शिकवीत होते, भाऊसाहेब सांगत होते. फरक पडला तो कामाच्या तोंडामुळें: तें पुढच्याकडे होतें कीं मागच्याकडे, एवढ्यानें. कोल्हापूरच्या कोणत्याही जुन्या तालमींत सकाळीं डोकावलें तर हौद्याच्या कडेला एक म्हातारा वस्ताद बसलेला दिसतो. त्याचे गुडघे गेलेले असतात. हौद्यांत उतरणें त्याच्यानें होत नाहीं. पण पोराचा पाय वीतभर चुकला, कीं खेंकसण्याचा आवाज त्याच्याच कंठांतून येतो. आणि पोर जिंकून आलें म्हणजे 'माझ्या वेळीं असे लोक नव्हते, नाहींतर मींही जिंकलों असतों' अशी कोपरखळी मारून तो मिशींत हंसतो. त्या हंसण्यांत थोडी असूया असते. ती नाकारण्यांत अर्थ नाहीं. पण डाव दिलेला असतो, आणि तो परत मागितलेला नसतो.

उरला प्रश्न तरुणांचा. त्यांच्यासाठीं पंतांनीं एक कलम मागें ठेविलें आहेच: झाड जीर्ण झालें तरी त्यास विचारल्यावांचून, आणि त्याचें देणें चुकविल्यावांचून, कुऱ्हाड लावूं नये. ताराबाईंच्या बाबतींत हें कलम कोणीं पाळलें नाहीं, आणि त्याची किंमत एका राजास अर्ध्या आयुष्यानें द्यावी लागली. ज्या घरांत म्हाताऱ्यांस वेळीं कांहीं दिलें जातें, त्या घरांत तीं वेळीं सोडतातही. आणि तेथें 'साठी बुद्धि नाठी' ही म्हण म्हातारीं माणसें स्वतःच, नातवंडांस हंसविण्यासाठीं म्हणतात.